विकत घेतलेला गेम, हरवलेला कोड

गेमची सीडी शाबूत असते. तिच्यावर ओरखडा नसतो, ड्राइव्ह ती नीट वाचतो, आणि इन्स्टॉल होता होता मधेच एक चौकट उघडते: कोड टाका. तो कोड छापलेला स्टिकर किंवा माहितीपुस्तिका घर बदलताना, रंगकामाच्या गडबडीत, नाहीतर दिवाळीच्या साफसफाईत रद्दीबरोबर कधीच गेलेली असते. अशा वेळी बहुतेक जण गेमवर पाणी सोडतात, किंवा इंटरनेटवरून कोडची तपासणी चुकवणारा कुठला तरी ‘क्रॅक’ उतरवून घेतात. दोन्हीची गरज सहसा नसते. पैसे मोजून घेतलेल्या गेमचा कोड छापील कागदाखेरीज आणखी दोन-तीन ठिकाणी उमटलेला असतो आणि त्यातलं एखादं ठिकाण बहुधा शिल्लक असतं.

मात्र शोधाला लागण्याआधी एक प्रश्न सोडवायला हवा: हा कोड तपासतं कोण? गेम स्वतः तुमच्याच कॉम्प्युटरवर तपासतो, की दूर कुठल्या तरी सर्व्हरवर तपासणी होते? उत्तर पहिलं असेल तर कोड हार्ड डिस्कमध्ये शोधायचा. दुसरं असेल तर ईमेलमध्ये आणि खात्यात शोधायचा. हे न ठरवता कपाटं उपसण्यात लोकांचे रविवार वाया जातात.

दोन्ही प्रकारची तपासणी एकाच गेममध्ये कशी असायची, हे ‘हाफ-लाइफ’मध्ये फार स्वच्छ दिसतं. व्हॉल्व्ह या अमेरिकन कंपनीचा हा गेम १९९८ मध्ये आला. कंपनीच्या सुरुवातीच्या दिवसांत मार्केटिंग सांभाळणाऱ्या मोनिका हॅरिंग्टन यांनी त्या काळाची एक आठवण सांगितली आहे. नात्यातल्या एका मुलाला त्यांनी शिक्षणाच्या खर्चासाठी पैसे पाठवले होते. त्यानं त्यातून सीडीच्या नकला काढणारं यंत्र घेतलं आणि मित्रांना गेम वाटता येतात म्हणून आनंदानं त्यांनाच कळवलं. त्या मुलाच्या मनात कुठलाही अपराधीपणा नव्हता, आणि हीच गोष्ट त्यांना चिंतेची वाटली. ‘हाफ-लाइफ’बरोबर कोडची व्यवस्था आली त्यामागे हे कारण होतं. गेम बाजारात आल्यावर कोड चालत नसल्याच्या तक्रारी सुरू झाल्या. कंपनीचे सहसंस्थापक माइक हॅरिंग्टन यांनी तक्रार करणाऱ्यांना एकेक करून फोन केले, तेव्हा त्यांच्यापैकी कुणीच गेम विकत घेतलेला नव्हता असं निघालं.

‘हाफ-लाइफ’चा कोड तेरा अंकांचा. त्यातला शेवटचा अंक आधीच्या बारा अंकांवर एक ठरावीक गणित करून काढलेला असतो. इन्स्टॉल करताना तुमचा कॉम्प्युटर एवढंच गणित पुन्हा करून बघतो. इंटरनेट लागत नाही, कंपनीला काही कळतही नाही. पण तोच गेम इतरांबरोबर ऑनलाइन खेळायला गेलं की कोड कंपनीच्या सर्व्हरकडे जायचा, आणि तो खरोखर छापला गेला होता का, या क्षणी दुसरं कुणी तो वापरतंय का, हे तिथे पाहिलं जायचं. म्हणून नुसतं गणितात बसणारा आकडा एकट्यानं खेळायला पुरायचा, ऑनलाइन अडायचा.

या गणिताचा आजही उपयोग होतो. स्टिकर आहे पण पावसाळ्यात ओल लागून एखादा अंक पुसलाय, ही आपल्याकडची नेहमीची अडचण. तेरातला एकच अंक वाचता येत नसेल तर शक्यता फक्त दहा, आणि चुकीच्या बहुतेक अंकांना गणितच बाहेर काढतं.

‘क्वेक थ्री अरेना’च्या कोडमध्ये याहून सुंदर योजना आहे. १९९९ च्या या गेमचा मूळ प्रोग्राम तो बनवणाऱ्या इड सॉफ्टवेअरनं २००५ मध्ये सर्वांसाठी खुला केला, त्यामुळे त्याचा कोड कसा तपासला जातो हे कुणालाही वाचता येतं. त्या कोडमध्ये फक्त सोळा चिन्हं येऊ शकतात: २, ३ आणि ७ हे अंक, आणि ए, बी, सी, डी, जी, एच, जे, एल, पी, आर, एस, टी, डब्ल्यू ही रोमन अक्षरं. शून्य नाही आणि ओ नाही. एक नाही आणि आयही नाही. बी आहे, म्हणून आठ नाही. एस आहे, म्हणून पाच नाही. जी आहे, म्हणून सहा नाही. २ आहे, म्हणून झेड नाही. दिसायला सारख्या अशा प्रत्येक जोडीतलं जास्तीत जास्त एकच चिन्ह ठेवलंय. तेव्हा फिकट स्टिकरवर आठ दिसतोय असं वाटलं, तर तो बीच असणार. मायक्रोसॉफ्टच्या पंचवीस अक्षरी कोडमध्येही हाच विचार आहे. विंडोज एक्सपीच्या काळातल्या कोडमध्ये चोवीसच चिन्हं वापरली जायची आणि त्यात एकही स्वर नव्हता. कोड पुन्हा पुन्हा नाकारला जात असेल, तर तो चुकीचा आहे असं धरण्याआधी आपण अक्षरं नीट वाचतोय का ते पाहावं.

आता कागद साफ गेलाय, पण गेम कुठल्या तरी कॉम्प्युटरवर अजून इन्स्टॉल केलेला आहे असं धरू. यश मिळण्याची सर्वांत जास्त शक्यता इथेच असते. कारण २००० ते २०१० या काळातले बहुतेक पीसी गेम टाकलेला कोड स्वतःजवळ लिहून ठेवत. दर वेळी ऑनलाइन जाताना तो विचारायला नको, म्हणून.

काही गेम तो आपल्याच फोल्डरमधल्या एका छोट्या फाइलमध्ये ठेवतात. ‘क्वेक थ्री’च्या फोल्डरमध्ये ‘बेसक्यू३’ नावाचं फोल्डर असतं, त्यात ‘क्यू३की’ ही फाइल. ती नोटपॅडमध्ये उघडली की कोड समोर. ‘डूम थ्री’च्या ‘बेस’ फोल्डरमध्ये ‘डूमकी’, ‘नेव्हरविंटर नाइट्स’च्या फोल्डरमध्ये ‘एनडब्ल्यूएनसीडीकी’, ‘अनरियल टुर्नामेंट २००४’च्या ‘सिस्टम’ फोल्डरमध्ये ‘सीडीकी’. नावातच सगळं सांगितलेलं. फोल्डर तारखेनुसार लावून, इन्स्टॉल केल्या दिवशीच्या अगदी लहान फाइली उघडून पाहिल्या तरी पुष्कळदा काम होतं.

पण मोठ्या संख्येनं गेम कोड ठेवतात ते विंडोजच्या रजिस्ट्रीत. कॉम्प्युटरवरच्या प्रत्येक प्रोग्रामच्या लहानमोठ्या नोंदी या रजिस्ट्रीत असतात. स्टार्ट मेनूत ‘रेजएडिट’ टाइप केलं की ती उघडते. डाव्या बाजूला फोल्डरसारखी उतरंड दिसते. तिच्यात ‘एचकी लोकल मशीन’ उघडायचं, त्याखाली ‘सॉफ्टवेअर’, त्याखाली गेम काढणाऱ्या कंपनीचं नाव, त्याखाली गेमचं. ‘कॉल ऑफ ड्यूटी ४’ हवा असेल तर ‘अ‍ॅक्टिव्हिजन’खाली जायचं, उजव्या बाजूला ‘कोडकी’ या नोंदीसमोर वीस अक्षरं दिसतील. इलेक्ट्रॉनिक आर्ट्सच्या त्या काळातल्या अनेक गेममध्ये, ‘द सिम्स २’ धरून, गेमच्या नावाखाली ‘ईआरजीसी’ असं एक उपफोल्डर असतं. त्याच्या नावावरून काही बोध होत नाही, त्यामुळे माणसं त्याच्याशेजारून निघून जातात. पण आत ‘डिफॉल्ट’ या नोंदीसमोर जे अक्षरांचं कडबोळं दिसतं, तोच कोड. ‘हाफ-लाइफ’चा कोड मात्र दुसऱ्या शाखेत, ‘एचकी करंट यूजर’खाली, ‘सॉफ्टवेअर’, मग ‘व्हॉल्व्ह’, मग ‘हाफ-लाइफ’, मग ‘सेटिंग्ज’ असं जाऊन सापडतो.

इथे दोन खाचखळगे आहेत, आणि नेमके तिथेच लोक हात टेकतात. आजचे कॉम्प्युटर ६४ बिटचे आहेत, जुने गेम ३२ बिटचे. अशा गेमच्या नोंदी विंडोज मुख्य ‘सॉफ्टवेअर’ फोल्डरमध्ये न ठेवता त्याच्याच आतल्या ‘वाव६४३२नोड’ या फोल्डरमध्ये ठेवतं. कंपनीचं नाव बाहेर दिसलं नाही तर या फोल्डरात जाऊन तोच मार्ग पुन्हा धरायचा. दुसरी अडचण विंडोज व्हिस्टापासूनची. अ‍ॅडमिनिस्ट्रेटरचे अधिकार नसलेल्या जुन्या गेमनं रजिस्ट्रीत लिहायचा प्रयत्न केला, तर विंडोज ती नोंद गुपचूप त्या वापरकर्त्याच्या ‘व्हर्च्युअलस्टोअर’मध्ये वळवतं. गेमला वाटतं आपण मुख्य जागी लिहिलं, आणि आपण मुख्य जागी शोधत बसतो.

कोडची पहिली चार-पाच अक्षरं आठवत असतील तर कंट्रोल-एफ दाबून सरळ तीच शोधावीत. शोधताना मधल्या आडव्या रेघा टाकायच्या नाहीत. छापील कोडमध्ये वाचायला सोपं जावं म्हणून त्या दिलेल्या असतात, रजिस्ट्रीत बहुतेक वेळा अक्षरं सलग असतात. आणि रजिस्ट्रीत फक्त बघायचं. नोंद खोडली किंवा बदलली तर ‘अनडू’ नाही.

जुना कॉम्प्युटर चालूच होत नाही, तेव्हा काय? पॉवर सप्लाय गेला, मदरबोर्ड गेला, कॅबिनेट माळ्यावर धूळ खात पडलंय. लोकांना वाटतं, आता रजिस्ट्री गेली. ती गेलेली नसते. रजिस्ट्रीसुद्धा शेवटी हार्ड डिस्कवरच्या काही फाइलीच आहेत, आणि डिस्क धड असेल तर त्या दुसऱ्या कॉम्प्युटरवर उघडता येतात. ही गोष्ट जितक्यांना माहीत असायला हवी तितक्यांना नाही, म्हणून नीट सांगतो.

कॅबिनेटमधून हार्ड डिस्क काढायची आणि यूएसबी अडॅप्टरनं चालू कॉम्प्युटरला जोडायची. डिस्क फार जुनी असेल, चाळीस पिनांच्या रुंद चपट्या पट्टीनं जोडलेली, तर आयडीई चालणारा अडॅप्टर मागायचा. त्यानंतरच्या डिस्कना साटा लागतो. मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवर दोन्ही चालणारे अडॅप्टर मिळतात. डिस्क दिसू लागली की चालू कॉम्प्युटरवर रेजएडिट उघडायचं, ‘एचकी लोकल मशीन’वर एकदा क्लिक करायचं, आणि ‘फाइल’ मेनूतून ‘लोड हाइव्ह’ निवडायचं. मग जुन्या डिस्कवरच्या ‘विंडोज’ फोल्डरमध्ये ‘सिस्टम३२’, त्यात ‘कॉन्फिग’, आणि त्यातली ‘सॉफ्टवेअर’ नावाची फाइल दाखवायची. तिच्यासाठी नाव विचारलं जातं. ‘जुना’ असं काहीही द्यावं. लगेच त्या बंद पडलेल्या कॉम्प्युटरची सॉफ्टवेअर शाखा तुमच्या पडद्यावर उघडते, आणि ‘अ‍ॅक्टिव्हिजन’, ‘इलेक्ट्रॉनिक आर्ट्स’ ही सगळी नावं जागच्या जागी असतात. ‘करंट यूजर’खालचा कोड हवा असेल तर त्या माणसाच्या नावाच्या फोल्डरमधली ‘एनटीयूजर.डॅट’ ही लपवलेली फाइल याच पद्धतीनं उघडायची. काम झालं की ‘अनलोड हाइव्ह’ करायला विसरू नये.

कॉम्प्युटरवाल्यानं मधे विंडोज नव्यानं टाकलं, पण पूर्ण फॉरमॅट मारला नाही, असं असेल तर सी ड्राइव्हमध्ये ‘विंडोज.ओल्ड’ हे फोल्डर आहे का पाहावं. आधीच्या विंडोजची रजिस्ट्री त्यात तशीच असते. अलीकडच्या विंडोजमध्ये हे फोल्डर थोड्या दिवसांत आपोआप पुसलं जातं, जुन्या विंडोजमध्ये वर्षानुवर्षं पडून राहतं.

हे सगळं हातानं करण्याऐवजी कोड शोधून देणारे प्रोग्रामही आहेत. ‘मॅजिकल जेली बीन कीफाइंडर’ आणि ‘बेलार्क अ‍ॅडव्हायझर’ ही त्यांतली जुनी, माहितीतली नावं. मायक्रोसॉफ्टसारख्या काही कंपन्या कोड सरळ न लिहिता उलगडावा लागेल अशा रूपात ठेवतात, तिथे हे खरे कामाला येतात. पण ते त्यांच्या मूळ जागेवरूनच घ्यावेत. ‘की फाइंडर’ किंवा ‘कीजेन’ म्हणून सर्चमध्ये वर येणाऱ्या फाइलींमध्ये व्हायरस भरलेला असण्याची धास्ती खरी आहे, आणि वीस अक्षरांसाठी बँकेचे पासवर्ड गमावणं कुणालाच परवडणार नाही.

आता दुसरा प्रकार: तपासणी सर्व्हरवर. व्हॉल्व्हनं सप्टेंबर २००३ मध्ये स्टीम ही गेमची ऑनलाइन सेवा सुरू केली आणि नोव्हेंबर २००४ मधला ‘हाफ-लाइफ २’ स्टीमशिवाय चालायचाच नाही, मग तो दुकानातून डबा घेऊन आणलेला का असेना. इथे कोड एकदाच वापरायचा. तो टाकला की गेम खात्याला जोडला जातो आणि त्यानंतर त्या कोडचं काम संपतं. म्हणून स्टीमवर एकदा टाकलेला कोड हरवला तर घाबरायचं कारण नाही. त्या खात्यात शिरता आलं की गेम आहेच. खात्याच्या माहितीत परवान्यांची आणि टाकलेल्या कोडची यादी असते. गेम कोणत्या तारखेला आला, दुकानातला कोड टाकून की स्टीमवरच घेऊन, हे तिथे दिसतं. स्टीमवर घेतलेला एखादा गेम सुरू करताना आणखी वेगळा कोड मागतो. तो लायब्ररीत त्या गेमवर राइट क्लिक करून ‘मॅनेज’खाली ‘सीडी कीज’मध्ये मिळतो. जीओजी या ऑनलाइन दुकानातून घेतलेल्या गेमना बहुतेक वेळा कोड लागत नाही. ज्या थोड्यांना ऑनलाइन खेळायला लागतो, त्यांचा लायब्ररीतच असतो.

खरी हानी होते ती घेतलेल्या पण कधीच न टाकलेल्या कोडची. सेलमध्ये पाच-दहा गेमचा गठ्ठा घेतला, दोन खेळले, बाकीचे राहून गेले. हम्बल बंडल या ऑनलाइन दुकानातून घेतले असतील तर तिथल्या खात्यात कोडचं वेगळं पान असतं, तिथे ते थांबलेले दिसतील. मात्र काहींना मुदत असते. इतर दुकानांसाठी ईमेल हाच आधार. स्टीमचा कोड सहसा पाच-पाच अक्षरांच्या तीन गटांचा असतो, पण ईमेलमध्ये गेमच्या नावापेक्षा ‘ऑर्डर’, ‘अ‍ॅक्टिव्हेट’, ‘रिडीम’, ‘सीडी की’ या इंग्रजी शब्दांनी शोधलेलं बरं, कारण गठ्ठ्यात घेतलेल्या गेमचं नाव विषयाच्या ओळीत नसतं. स्टीमवर रुपयात किमती आल्या २०१५ च्या अखेरीस. त्याआधीच्या पावत्या डॉलरमध्ये आहेत, त्यामुळे रुपयाच्या चिन्हानं शोधून त्या सापडणार नाहीत. आणि आपल्याकडच्या अनेकांचं पहिलं ईमेल खातं रेडिफमेल किंवा याहूवरचं होतं. ते उघडता येत असेल तर आधी तिथे पाहावं.

खात्यातच शिरता येत नसेल, जुना ईमेल बंद झाला असेल, तर मात्र छापील कोडला नव्यानं मोल येतं. स्टीमच्या मदतकेंद्राला मालकी पटवून द्यायची एक पद्धत म्हणजे त्या खात्यात टाकलेल्या कोडचा मूळ कागद. त्यावर तक्रारीचा क्रमांक हातानं लिहायचा आणि फोटो पाठवायचा. वापरून झालेला कोड फेकून देऊ नये तो एवढ्यासाठी.

कोड सापडला म्हणजे गेम चालेलच असं नाही, हेही आधी माहीत असलेलं बरं. ‘स्पोर’ हा गेम सप्टेंबर २००८ मध्ये आला तेव्हा एक कोड तीनच कॉम्प्युटरवर चालायचा. खेळाडूंनी मोठा गदारोळ केल्यावर कंपनीनं ही मर्यादा पाचवर नेली. अशा गेमचा जुना कोड ‘मर्यादा संपली’ म्हणून अडला तर कंपनीच्या मदतकेंद्राला लिहावं लागतं. सेफडिस्क या सीडी-संरक्षणावर चालणारे जुने गेम विंडोज १० वर उघडतच नाहीत, कारण सुरक्षेच्या कारणावरून मायक्रोसॉफ्टनं २०१५ मध्ये त्याचा आधार काढून घेतला. तिथे कोड बरोबर असूनही काही होत नाही. आणि ऑनलाइन खेळासाठी गेमस्पायच्या सर्व्हरवर अवलंबून असलेले कितीतरी गेम ३१ मे २०१४ ला ते सर्व्हर बंद झाल्यावर एकट्यानं खेळण्यापुरते उरले.

कोड देणाराच उरला नाही तर काय होतं, हे जानेवारी २०२० मध्ये ‘ग्रँड थेफ्ट ऑटो ४’च्या बाबतीत दिसलं. त्याची पीसी आवृत्ती मायक्रोसॉफ्टच्या ‘गेम्स फॉर विंडोज लाइव्ह’ या सेवेचे कोड वापरायची. ती सेवा मायक्रोसॉफ्टनं सांभाळणं सोडलं, नवे कोड तयार करता येईनात, आणि गेम स्टीमच्या विक्रीतून काढावा लागला. मार्चमध्ये तो परतला तो ती सेवा काढून टाकूनच. इतक्या खपाच्या गेमलासुद्धा कोडचा तुटवडा पडू शकतो, मग लहान कंपन्यांच्या गेमचं काय होत असेल!

उलट बाजूही आहे. काही गेमना आता कोडच लागत नाही. ब्लिझर्डनं १९९८ चा ‘स्टारक्राफ्ट’ एप्रिल २०१७ मध्ये मोफत केला. त्याचा हरवलेला कोड शोधण्यात वेळ घालवू नये. ‘हाफ-लाइफ’चा तेरा अंकी कोड स्टीमवर नोंदवता येतो, आणि मग सीडीची गरजच उरत नाही. अंदाजानं पुसट अंक टाकून पाहत असाल तर थोडं सबुरीनं, कारण लागोपाठ चुकीचे कोड टाकले की स्टीम काही काळ कोड घेणंच थांबवतं.

राहिला सोपा वाटणारा मार्ग, दुसऱ्याकडून स्वस्तात कोड घेण्याचा. जानेवारी २०१५ मध्ये युबिसॉफ्टनं ‘फार क्राय ४’चे काही कोड रद्द केले, कारण ते चोरीच्या क्रेडिट कार्डांवर घेऊन पुढे विकले गेले होते. ज्यांनी भाबडेपणानं ते विकत घेतले त्यांच्या खात्यातून गेम एका सकाळी नाहीसा झाला. कंपनीनं नंतर काहींना तो परत दिला, पण ते कंपनीच्या मर्जीवर. जुन्या बाजारात डबाबंद गेम घेतानाही हेच ध्यानात ठेवावं: स्टीमच्या काळातला डबा असेल तर त्यातला कोड आधीच्या मालकाच्या खात्यात बसलेला असतो, आणि आत जे मिळतं ती फक्त चकती.

जुना कॉम्प्युटर भंगारात देण्याआधी, किंवा फॉरमॅट मारायला दुकानात नेण्याआधी, हार्ड डिस्क काढून वर सांगितल्याप्रमाणे रजिस्ट्री एकदा उघडून पाहावी. सापडलेल्या शाखेवर राइट क्लिक करून ‘एक्सपोर्ट’ म्हटलं की तिची एक छोटी फाइल तयार होते. ती, स्टिकरचा फोटो, खात्याचं नाव आणि ते खातं ज्या ईमेलवर उघडलं तो पत्ता, हे सगळं एकाच फोल्डरमध्ये ठेवावं. दुकानाच्या पावतीचाही फोटो त्याच दिवशी काढून त्यात टाकावा. थर्मल कागदावरची छपाई उन्हाळ्याभरात फिकी पडते आणि मग तारीखही वाचता येत नाही.